हरवलेली सहा मिनिटं

चित्रकार अकबर पदमसी ६ जानेवारी २०२० रोजी गेले, तेव्हा त्यांची ‘मेटास्केप’ ही कल्पित निसर्गचित्रं आणि चेहऱ्यांची चित्रं सगळ्यांना आठवली. त्यांनी फिल्मही केल्या होत्या, हे फार थोड्यांना ठाऊक होतं. मला मात्र पदमसी भेटतात ते दिग्दर्शक आशिम अहलुवालिया यांच्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या २०१६च्या लघुपटात.

नेहरू फेलोशिपच्या पैशांतून पदमसींनी १९६९मध्ये मुंबईत नेपियन सी रोडवर ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केलं. चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले तिथे एकत्र काम करत. तरुण नलिनी मालानींच्या सुरुवातीच्या फिल्म तिथल्याच. पदमसींची ‘सिझिजी’ ही फिल्मही तिथलीच. आकड्यांच्या गणितातून बिंदू ठरवायचे, ते रेषांनी जोडायचे, अशी सुमारे हजार रेखाटनं त्यांनी केली. अ‍ॅनिमेटर राम मोहन यांनी ती हलती केली. अकरा मिनिटं नुसत्या रेषा, आवाज नाही. बघणाऱ्याची ती परीक्षाच घेते, आणि घ्यावीच.

दुसरी फिल्म रंगीत, सहा मिनिटांची. स्वतःच्याच तैलचित्रातले आकार त्यांनी स्टेन्सिल आणि प्रोजेक्टर वापरून रंगीत उजेडात पुन्हा रचले. चित्रण १६ मिमी रिव्हर्सल फिल्मवर झालं. या फिल्मला निगेटिव्ह नसते; कॅमेऱ्यातून निघालेली पट्टी धुतली की तीच पडद्यावर दाखवायची. म्हणजे प्रत एकच. ती हरवली.

चाळीसहून अधिक वर्षांनी, ऐंशी ओलांडलेल्या पदमसींना सोबत घेऊन अहलुवालियांनी आपल्या लघुपटात ती फिल्म पुन्हा उभी करायचा घाट घातला. हाताशी होती फक्त आठवण, तीही झिजलेली. नवी दृश्यं जुन्यांच्या किती जवळ गेली, हे ताडून पाहायला मूळ फिल्मच नाही. तरी मला हे स्मरण कुठल्याही गौरवपटापेक्षा खरं वाटतं. जन्म, शिक्षण, पुरस्कार सांगून कलावंत कळत नाही. उजेडाशी झटताना तो कसा विचार करायचा, हे इथे कळतं. पदमसींच्या पश्चात तर या लघुपटाचं मोल फारच वाढलं आहे.

तुमच्या घरात, एखाद्या कलावंत नातेवाइकाच्या कपाटात फिल्मचे जुने डबे असतील, तर ते भंगारात देऊ नका. आधी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा.