पूर्व आफ्रिकन समुदाय

पूर्व आफ्रिकन समुदाय (स्वाहिली: जुमुइया या आफ्रिका मशारिकी) ही पूर्व व मध्य आफ्रिकेतील आठ देशांची प्रादेशिक संघटना आहे. केनिया, युगांडा, टांझानिया, रवांडा, बुरुंडी, दक्षिण सुदान, काँगोचे लोकशाही प्रजासत्ताक आणि सोमालिया हे तिचे सदस्य असून मुख्यालय टांझानियातील आरुशा येथे आहे. या नावाची पहिली संघटना १९६७ मध्ये स्थापन झाली आणि दहा वर्षांतच मोडली. सध्याची संघटना २००० पासून कार्यरत आहे. विकसनशील शेजारी देश आर्थिकदृष्ट्या एकत्र येऊ लागले की लाभाच्या वाटणीवरून कोणते राजकीय पेच निर्माण होतात, हे समजून घेण्यासाठी या समुदायाचा इतिहास उपयुक्त ठरतो.

वासाहतिक पार्श्वभूमी

या प्रदेशातील एकीकरणाची सुरुवात स्वतंत्र राष्ट्रांच्या इच्छेने झाली नाही. ती ब्रिटिश प्रशासनाच्या सोयीसाठी झाली. मोंबासा बंदरापासून व्हिक्टोरिया सरोवरापर्यंतचा लोहमार्ग १८९६ ते १९०१ या काळात प्रामुख्याने भारतातून नेलेल्या मजुरांच्या श्रमातून उभा राहिला. १९१७ मध्ये केनिया व युगांडा यांचा सीमाशुल्क संघ झाला आणि पुढील दशकात टांगानिका त्यात सामील झाला. १९२० पर्यंत या भागात भारतीय रुपया चालत असे. त्यानंतर लवकरच पूर्व आफ्रिकन शिलिंग हे सामाईक चलन आले. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या पूर्व आफ्रिका उच्चायोगाकडे रेल्वे, टपाल, करवसुली व संशोधन अशा सामाईक सेवा सोपवण्यात आल्या.

गोऱ्या वसाहतवाल्यांमुळे व्यापार, भांडवल आणि कारखाने नैरोबीच्या आसपास एकवटले होते. परिणामी केनियाचा पक्का माल शेजारी देशांत जकातीविना खपत असे. याविषयीच्या तक्रारींची चौकशी जेरेमी रेझमन यांच्या आयोगाने १९६०-६१ मध्ये केली. रेझमन हे पूर्वी ब्रिटिश भारतात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळाचे अर्थसदस्य होते. सामाईक करांतील काही हिस्सा एका निधीत जमा करून तो तिन्ही प्रदेशांत वाटावा, अशी शिफारस या आयोगाने केली.

लाभ-हानीचे गणित

सीमाशुल्क संघात सदस्य देश आपापसांतील आयात शुल्क काढून टाकतात आणि बाहेरून येणाऱ्या मालावर सारखेच शुल्क लावतात. अर्थशास्त्रज्ञ जेकब वायनर यांनी १९५० मध्ये अशा संघाचे दोन परिणाम वेगळे करून दाखवले. देशातील महाग उत्पादनाऐवजी शेजाऱ्याचा स्वस्त माल येऊ लागला, तर नवा व्यापार निर्माण होतो. परंतु दूरदेशीचा स्वस्त माल शुल्कामुळे अडून त्याच्या जागी शेजाऱ्याचा महाग माल येऊ लागला, तर व्यापार केवळ वळवला जातो.

युगांडा व टांगानिका यांची तक्रार दुसऱ्या प्रकारची होती. परदेशी मालाऐवजी केनियाचा माल घेतल्याने त्यांचे शुल्काचे उत्पन्न बुडत असे, ग्राहकाला जादा किंमत मोजावी लागे, आणि कारखाना, रोजगार व करांचे उत्पन्न मात्र केनियात राही. एकूण प्रदेशाचा फायदा होत असला तरी तो एकाच देशात साचत असेल, तर उरलेल्या देशांतील सरकारांना आपल्या जनतेपुढे अशा संघाचे समर्थन करणे अवघड जाते.

महासंघाचे स्वप्न आणि १९६७ चा करार

जून १९६३ मध्ये ज्यूलियस न्येरेरे, मिल्टन ओबोटे व जोमो केन्याटा या नेत्यांनी नैरोबी येथे त्याच वर्षी राजकीय महासंघ स्थापण्याचा संकल्प जाहीर केला. तो सिद्धीस गेला नाही. काही उद्योग तिन्ही देशांत वाटून देण्याचा समझोता १९६४ मध्ये कंपाला येथे झाला, परंतु केनियाने त्याला अंतिम मान्यता दिली नाही. १९६६ मध्ये तिन्ही देशांनी स्वतंत्र चलने सुरू केली.

हे विघटन थांबवण्यासाठी ६ जून १९६७ रोजी कंपाला येथे पूर्व आफ्रिकन सहकार्य करारावर स्वाक्षऱ्या झाल्या. १ डिसेंबर १९६७ रोजी तो अमलात आला. त्यात समतोल साधण्याचे तीन उपाय होते. पहिला, 'हस्तांतरण कर': शेजाऱ्याशी पक्क्या मालाच्या व्यापारात तूट असलेल्या देशाला आपल्या नवोदित उद्योगांच्या रक्षणासाठी ठरावीक काळ असा कर लावता येई. दुसरा, पूर्व आफ्रिकन विकास बँक: भांडवल तिघांचे समान, परंतु गुंतवणुकीत युगांडा व टांझानिया यांना प्रत्येकी ३८.७५ टक्के आणि केनियाला २२.५ टक्के वाटा ठरवण्यात आला. तिसरा, कार्यालयांची विभागणी: रेल्वे व विमानसेवा नैरोबीत, बंदरे दार-ए-सलाममध्ये, टपाल व दूरसंचार आणि विकास बँक कंपालात, तर समुदायाचे मुख्यालय आरुशात.

विघटन

हे उपाय योग्य दिशेचे असले तरी अपुरे पडले. बँकेचे भांडवल मर्यादित होते, आणि हस्तांतरण करामुळे प्रत्येक देश शेजाऱ्याकडे आहे तोच कारखाना आपल्याकडे काढू लागला. विचारसरणीतील अंतरही वाढत गेले. फेब्रुवारी १९६७ च्या आरुशा घोषणापत्राने टांझानियाने समाजवादाचा मार्ग धरला, तर केनियाने खाजगी व परकीय भांडवलाला वाव दिला.

जानेवारी १९७१ मध्ये इदी अमीन यांनी ओबोटे यांची सत्ता उलथवली. न्येरेरे यांनी अमीन यांच्यासोबत बैठकीस बसण्यास नकार दिला. समुदायाचे सर्वोच्च निर्णय तिन्ही राष्ट्राध्यक्षांच्या प्राधिकरणाकडेच असल्यामुळे त्याची बैठक पुन्हा भरू शकली नाही. पुढे परकीय चलनाच्या टंचाईत सामाईक निगमांची रक्कम सीमेपलीकडील मुख्यालयात पाठवण्यावरून तंटे वाढले. १९७७ च्या प्रारंभी पूर्व आफ्रिकन एअरवेज बंद पडली, केनियाने स्वतःची विमान कंपनी काढली आणि टांझानियाने केनियालगतची सीमा बंद केली. ती १९८३ मध्ये उघडली. जून १९७७ अखेर समुदायाचा अर्थसंकल्प मंजूर न झाल्याने संघटना संपुष्टात आली.

मालमत्ता व देणी यांच्या वाटणीसाठी स्विस मुत्सद्दी व्हिक्टर उम्ब्रिख्ट यांनी मध्यस्थी केली. १९८४ च्या वाटणी-करारात भावी सहकार्याची क्षेत्रे शोधण्याचे कलमही होते.

पुनरुज्जीवन

३० नोव्हेंबर १९९९ रोजी आरुशा येथे नवा करार झाला आणि ७ जुलै २००० पासून तो अमलात आला. २००७ मध्ये रवांडा व बुरुंडी, २०१६ मध्ये दक्षिण सुदान, २०२२ मध्ये काँगो आणि २०२४ मध्ये सोमालिया सदस्य झाले. सीमाशुल्क संघ (२००५), सामाईक बाजारपेठ (२०१०), चलन संघ (मसुदा २०१३) आणि अखेरीस राजकीय महासंघ असे चार टप्पे ठरवण्यात आले.

जुन्या अनुभवाची छाप नव्या नियमांवर दिसते. २००५ पासून युगांडा व टांझानिया यांचा माल केनियात शुल्काविना जाऊ लागला. केनियाच्या काही मालावरील शुल्क मात्र पाच वर्षांत टप्प्याटप्प्याने कमी करण्यात आले. दुर्बल सदस्यांना जुळवून घेण्यास अवधी मिळावा, हा त्यामागील हेतू होता.

सद्यकालीन प्रश्न

बाह्य शक्तींशी व्यवहार करताना सदस्यांचे हितसंबंध भिन्न ठरतात. २०१६ मध्ये केनिया व रवांडा यांनी युरोपीय संघाशी आर्थिक भागीदारी करारावर स्वाक्षरी केली, टांझानियाने नकार दिला. अखेर केनियाने २०२३ मध्ये स्वतंत्र करार केला. वापरलेल्या आयात कपड्यांना आळा घालून स्थानिक वस्त्रोद्योग उभारण्याचे सामूहिक धोरणही २०१६ मध्ये ठरले. अमेरिकेने व्यापार सवलती काढण्याचा इशारा देताच इतर देश मागे हटले. रवांडा ठाम राहिला आणि २०१८ मध्ये त्याच्या तयार कपड्यांवरील सवलत स्थगित झाली.

सुरक्षेचा प्रश्न अधिक गंभीर आहे. रवांडाने युगांडालगतचा गातुना येथील सीमामार्ग २०१९ पासून जवळपास तीन वर्षे बंद ठेवला. पूर्व काँगोतील एम-२३ बंडखोरांवरून काँगो व रवांडा यांच्यात संघर्ष असून समुदायाने २०२२ मध्ये तेथे पाठवलेले सैन्य २०२३ अखेरीस परतले.

सर्व महत्त्वाचे निर्णय आजही राष्ट्रप्रमुखांच्या परिषदेत सर्वसहमतीने होतात. समुदायाला विधानसभा व न्यायालय असले, तरी दोन राष्ट्रप्रमुखांतील वैमनस्य संपूर्ण संघटनेचे काम अडवू शकते, ही १९७१ मध्ये उघड झालेली उणीव अद्याप पूर्णतः दूर झालेली नाही.