खंदकातले वर्तमानपत्र

संकट ओसरल्यावर हसणारी माणसे पुष्कळ आढळतात. परंतु संकट डोक्यावर घोंघावत असताना, ज्या तळघरात बसून लिहायचे ते पुढच्या घटकेस शाबूत राहील की नाही याची शाश्वती नसताना, आपल्या हास्याचे रीतसर वर्तमानपत्र काढावे आणि त्यास संपादकीय, जाहिराती, वाचकांची पत्रे व क्रमशः कथा अशी सर्व अंगे द्यावीत, हा उद्योग ज्या मूठभर इंग्रज सैनिकांनी पहिल्या महायुद्धात केला, त्यांच्याविषयी मला अनेक वर्षे निस्सीम आदर वाटत आला आहे. त्या पत्राचे नाव ‘द वायपर्स टाइम्स’. बेल्जममधील ईप्र या शहराच्या नावाचा गोऱ्या शिपायांनी जो उच्चार रूढ केला, तोच त्यांनी मथळ्यावर चढविला.

मृत्यूच्या सान्निध्यातील विनोदाची तात्त्विक मीमांसा विद्वानांनी केलेली आहे. सोमवारी फाशी जाणारा कैदी ‘आठवड्याचा आरंभ तर झकास झाला’ असे म्हणतो, हे उदाहरण फ्रॉइडने घेतले आणि 1927 सालच्या आपल्या निबंधात असा सिद्धांत मांडला की, विनोदाच्या द्वारे मनुष्याचा अहं परिस्थितीपुढे शरण जाण्याचे नाकारतो. सिद्धांत मार्मिक आहे. पण मला त्याचे प्रत्यंतर पुस्तकांपेक्षा या पत्राच्या जुन्या अंकांच्या पुनर्मुद्रणातच अधिक आले.

1916 च्या प्रारंभी ‘शेरवुड फॉरेस्टर्स’ या रेजिमेंटची 12 वी पलटण ईप्रच्या परिसरात होती. ही पायोनियर पलटण; खंदक खणणे, रस्ते दुरुस्त करणे हे तिचे मुख्य काम. शहराचा विध्वंस अगोदरच झालेला होता: तेराव्या शतकात उभारलेले भव्य वस्त्रगृह 1914 च्या नोव्हेंबरात आगीच्या भक्ष्यस्थानी पडले होते, आणि 22 एप्रिल 1915 रोजी जर्मनांनी याच आघाडीवर विषारी वायूचा प्रचंड लोट सोडला होता. अशा भग्नावशेषांत कॅप्टन फ्रेड रॉबर्ट्स आणि त्याच्या सोबत्यांस एक मोडका छापखाना गवसला. पलटणीत एक सार्जंट पूर्वायुष्यात मुद्रक होता. त्याने यंत्र चालते केले, इतस्ततः विखुरलेले खिळे गोळा केले, आणि शहराच्या तटबंदीखालील तळघरात संसार मांडला. खिळे इतके अपुरे की एका वेळी एकच पान जुळवावयाचे, ते छापावयाचे, मग तेच खिळे सोडवून दुसऱ्या पानास हात घालावयाचा. संपादक रॉबर्ट्स, उपसंपादक जॅक पिअर्सन. पहिला अंक निघाला 12 फेब्रुवारी 1916 रोजी.

या पत्राच्या जाहिराती हा माझ्या विशेष प्रेमाचा विषय असल्यामुळे तेथे मी थोडा रेंगाळणार आहे. ज्या वस्त्रगृहाचे छप्पर उडून गेले होते, त्याची जाहिरात गावातील सर्वांत हवेशीर नाट्यगृह म्हणून केलेली आहे. ‘हिल 60’ नामक टेकडीसाठी दोन्ही सैन्ये रक्ताचे पाट वाहवीत होती. तेथील जमीन घरबांधणीसाठी विक्रीस काढली असून, ऐतिहासिक शहराचे उत्तम दर्शन घडते अशी ग्वाही देऊन, चौकशीसाठी जर्मनांच्या ताब्यातील मेनिन गावचा पत्ता दिला आहे. दुसऱ्या एका सूचनेत संपादक तक्रार करतो की सैन्यात काव्याची साथ पसरली असून, एका हातात वही व दुसऱ्या हातात बॉम्ब घेतलेले तरुण अधिकारी काव्यसमाधीत काटेरी तारांपाशी भटकताना दिसतात. तरी कवींनी कृपा करून थोडे गद्यही पाठवावे!

सर्वांत धारदार जाहिरात 31 जुलै 1916 ची. पलटण सॉमच्या रणक्षेत्रावर गेल्यामुळे पत्राने ‘द सॉम टाइम्स’ हे नाव धारण केले होते. त्या लढाईच्या पहिल्याच दिवशी, 1 जुलै रोजी, ब्रिटिश सैन्याचे सुमारे 57,000 लोक जायबंदी वा गारद झाले, पैकी 19,000 हून अधिक मृत्युमुखी पडले. त्यानंतर महिन्याभरात या पत्राने आशावाद नावाच्या रोगावरील उपचारगृहाची जाहिरात छापली: सकाळी उठल्यावर दोस्तांचे सर्व काही सुरळीत चालले आहे असे आपणांस वाटते काय, युद्ध लवकरच संपेल असे वाटते काय, ही लक्षणे असल्यास आमच्या संस्थेत दोन दिवस राहावे, रोग समूळ नष्ट होईल. ती संस्था म्हणजे अर्थातच खंदक.

येथे या विनोदाचे मर्म हाती लागते. त्याचा रोख शत्रूवर फारसा नाही. तो आहे मायदेशी सुरक्षित बसून विजयाचे हिशेब मांडणाऱ्यांवर. ‘लँड अँड वॉटर’ नियतकालिकात हिलेअर बेलॉक जर्मनांच्या हानीचे आकडे मांडीत असे. त्याला या पत्राने ‘बेलरी हेलॉक’ करून सोडले. ‘डेली मेल’चा वार्ताहर बीच टॉमस याचा ‘टीच बोमस’ झाला. सरकारी खलिते आणि वार्ताहरांची वर्णने ज्या भीषणतेवर गुलाबपाणी शिंपडीत होती, ती चिखल, उंदीर, वायू आणि मरण यांसह या थट्टेच्या पानांवर यथातथ्य नांदत होती. म्हणून माझे ठाम मत असे की काळा विनोद हा दुःखापासून पळ काढण्याचा मार्ग नव्हे. खोटे सांत्वन दुःखावर पडदा ओढते. हा विनोद दुःखाचे नाव घेतो आणि तरीही ताठ उभा राहतो.

पत्र नावे बदलीत डिसेंबर 1918 पर्यंत निघत राहिले आणि अखेरच्या काळात ‘द बेटर टाइम्स’ हे नाव लावून थांबले. रॉबर्ट्स व पिअर्सन या दोघांसही ‘मिलिटरी क्रॉस’ मिळाला होता. पुढे एक कॅनडात आणि दुसरा अर्जेंटिनात जाऊन राहिला. 2013 साली इयन हिस्लॉप व निक न्यूमन यांनी लिहिलेला बीबीसीचा चित्रपट आला, तेव्हा पुष्कळांना ही नावे प्रथमच कळली.

युरोपच्या प्रवासात मी मुद्दाम वाट वाकडी करून ईप्रला गेलो. वस्त्रगृह पुन्हा बांधून उभे आहे, आणि त्यातच महायुद्धाचे संग्रहालय आहे. शहरातील मेनिन दरवाजा या स्मारकाच्या भिंतींवर, ज्यांची थडगीसुद्धा सापडली नाहीत अशा 54,000 हून अधिक सैनिकांची नावे कोरलेली आहेत. त्यांत हिंदी पलटणींचीही नावे आहेत, कारण 1914-15 मध्ये लाहोर डिव्हिजनचे जवान याच चिखलात लढले. रोज रात्री आठ वाजता तेथे बिगूल वाजतो. तो ऐकताना मला तटबंदीखालील त्या तळघराचा अर्थ उमगला: वर मरण आणि खाली छापखाना, दोन्ही एकाच शहरात, एकाच वेळी चालू होती.

आमच्या घरीही असा एक संपादक होऊन गेला. माझे थोरले काका अखेरच्या आजारात इस्पितळात असताना, भेटीस येणाऱ्या प्रत्येकास ‘तिकीट काढले आहे, फलाट क्रमांक तेवढा कळायचा आहे’ असे सांगत. आत्या डोळ्यांना पदर लावून म्हणत, ‘दादा, शुभ बोला हो!’ मग काका गप्प होत, आणि खोलीत जी शांतता पसरे ती कोणासच सोसत नसे. एकदा त्यांच्या धाकट्या नातवाने मात्र उलट विचारले, ‘आजोबा, खिडकीची जागा मिळाली का?’ त्या दिवशी काका पोटभर हसले, आणि हसता हसता प्रथमच आपल्या भीतीविषयी मोकळेपणाने बोलले.

एक मर्यादा मात्र पाळली पाहिजे. असल्या विनोदाचा आरंभ करण्याचा हक्क ज्याच्यावर प्रसंग गुदरला आहे त्याचा. काठावर उभ्या असलेल्याने तो केला की त्याचे क्रौर्य होते. रॉबर्ट्सची जाहिरात लंडनच्या क्लबात बसून कोणी लिहिली असती, तर ती क्षम्य ठरली नसती. पण आजारी, शोकग्रस्त किंवा पराभूत मनुष्य आपण होऊन स्वतःच्या दैवाची थट्टा करू लागला, तर वाचकहो, त्यास शुभ बोलण्याचा आग्रह करून गप्प बसवू नका. त्याच्यासमवेत हसा, आणि नंतर तो जे सांगेल ते शांतपणे ऐकून घ्या.