पर्यायी वीज आणि रात्रीची शांतता

वीजपुरवठा खंडित झाला तरी प्रसूतिकक्षात अंधार होऊ नये, लशींची शीतपेटी बंद पडू नये, यासाठी डिझेल जनित्रे बसविली जातात. आता त्यांच्या जोडीला बॅटऱ्यांचे मोठे संचही येऊ लागले आहेत. ही सोय आवश्यकच आहे. परंतु तिच्या आवाजाचा विचार बहुधा शेजाऱ्यांची तक्रार आल्यानंतरच होतो.

बॅटरी मूक असते, हा समज अर्धाच खरा आहे. तिच्यासोबतचे इन्व्हर्टर व रोहित्र मंद गुणगुणतात आणि मोठ्या संचाची उष्णता बाहेर टाकणारे पंखे तर बराच आवाज करतात. साठविलेली वीज सायंकाळच्या वाढत्या मागणीच्या वेळी वापरली गेली, की हे पंखे जोराने फिरू लागतात. नेमका त्याच सुमारास गाव निवांत होत असतो.

ध्वनिप्रदूषण (नियमन व नियंत्रण) नियम, २००० अन्वये निवासी क्षेत्रात दिवसा ५५ आणि रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. उघड्या जागेत अंतर दुप्पट झाले की आवाज सुमारे ६ डेसिबलने उतरतो. समजा, १० मीटरवर ६५ डेसिबल भरणारे यंत्र आहे. ४० मीटरवर त्याचा आवाज ५३ होईल, म्हणजे दिवसाच्या मर्यादेत बसेल; ८० मीटरवर तो ४७ होईल, तरीही रात्रीची मर्यादा ओलांडलेलीच राहील. दुपारी घेतलेल्या मोजणीवर समाधान मानणे म्हणूनच योग्य नव्हे. शेजारी तसेच दुसरे यंत्र ठेवल्यास आणखी ३ डेसिबलची भर पडते.

खरा उपाय खरेदीच्या व जागेच्या निवडीतच आहे. पंख्याची गती निम्मी केल्यास आवाज सुमारे १५ डेसिबलने घटतो. सबब मोठा व संथ पंखा मागावा. १ जानेवारी २००५ पासून निर्मित, १००० केव्हीएपर्यंतच्या डिझेल जनित्रांना आवरणापासून १ मीटरवर ७५ डेसिबलची मर्यादा आहे. ती खरेदीच्या वेळीच तपासावी. यंत्राखाली रबरी बैठक असावी. धुराडे व पंख्यांचे तोंड रुग्णकक्षाकडे नसावे. इमारतींच्या बेचक्यातील कोपरा सोयीचा वाटतो खरा, पण तेथे भिंतींवर आदळून आवाज अधिकच घुमतो. झाडांच्या एकेरी रांगेचा उपयोग मुख्यतः डोळ्यांना. आवाज अडविण्यास यंत्र दृष्टिआड करणारी, फटी नसलेली भिंतच लागते. तीही हवेचा मार्ग मोकळा ठेवून बांधावी. आवाज दबावा म्हणून बॅटरीसंचाला पत्र्याने चहूबाजूंनी झाकणे धोक्याचे आहे, कारण उष्णता आत कोंडते.

विहित मर्यादेपेक्षा आवाज १० डेसिबल वा अधिक असल्यास कोणाही नागरिकास या नियमांखालील प्राधिकाऱ्याकडे तक्रार करता येते. जिल्हा दंडाधिकारी, पोलीस आयुक्त किंवा पोलीस उपअधीक्षक अथवा त्यावरील दर्जाचा पदनिर्देशित अधिकारी यांचा प्राधिकाऱ्यांत समावेश होतो.