डब्यात न जाणारी कोशिंबीर

गेल्या मे महिन्यात आमच्या मुलुंडच्या घरात काकडीवरून वाद झाला. वाद म्हणजे तसा एकतर्फीच. कारण सासूबाई पंचाऐंशीच्या आहेत आणि त्या बोलू लागल्या की बाकीच्यांनी ऐकून घ्यायचे, अशी घराची रीत आहे. माझी भाची नवऱ्याच्या नोकरीमुळे चार वर्षे बुडापेस्टला असते. सुट्टीत आली होती. "मावशी, आज कोशिंबीर मी करते," म्हणाली आणि बटाट्याच्या वेफर्सची किसणी मागून घेतली. तिच्यावर काकडीच्या कागदासारख्या पातळ चकत्या पाडल्या, त्यांना मीठ चोळले, अर्धा तास झाकून ठेवल्या आणि मग मूठ मूठ घेऊन दोन्ही हातांनी पिळायला लागली.

सासूबाई दारातच उभ्या होत्या. "अगं, काकडीतलं पाणीच काढून टाकलंस तर मागे राहिलं काय?"

"आजी, थांबा तर खरं," भाची म्हणाली.

त्या रात्री तिने केलेली ती हंगेरीची काकडी सर्वांनी चवीपुरती खाल्ली. पानात दाण्याचे कूट नाही, फोडणी नाही, म्हणून सासूबाईंनी नाक मुरडले. उरलेली फ्रीजमध्ये गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी सुनेने काही न विचारता त्यातली चार चमचे डब्यात भरून नेली आणि संध्याकाळी डबा रिकामा आला. माझे लक्ष वेधले ते या रिकाम्या डब्याने.

आपल्या ताटाला डावी बाजू असते. मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर, लोणचे ही सारी मंडळी डावीकडे. भाजी-आमटी पोट भरतात आणि जेवणाला तोंड देते ती डावी बाजू. पण उपनगरातल्या नोकरदार घरांत वेळ कमी पडू लागला की पहिली गदा येते ती या बाजूवर. लोणचे बरणीतून निघते, चटणी एकदा कुटली की आठवडाभर पुरते. कोशिंबीर मात्र जेवायला बसण्याआधी दहा मिनिटे करावी लागते. आणि दुपारी एक वाजता आपण जेवायला बसतो ते घरात नव्हे.

मी अठ्ठावीस वर्षे मुलुंडहून फोर्टातल्या एका बँकेत गेले. तेवढ्या वर्षांत कामाच्या दिवशी कोशिंबीर खाल्ल्याचे मला आठवत नाही. प्रयत्न केला नाही असे नाही. एकदा दही घालून नेली. गाडीच्या गर्दीत आणि उकाड्यात ती अशी आंबली की शेजारणीने खिडकी उघडली. एकदा दही वेगळे, काकडी वेगळी नेली, तर काकडीचे पाणी डब्याच्या झाकणातून झिरपून पर्समधल्या रेल्वेच्या पासपर्यंत पोचले. त्यानंतर तो नाद सोडला. आमच्या डब्यातल्या बायका गवार मोडायच्या, मटार सोलायच्या, मेथी निवडायच्या. घाटकोपर येईपर्यंत एखादीची जुडी साफ झालेली असे. काकडी मात्र सोलायची ती मीठ लावून तिथल्या तिथे खायला.

काकडीचा स्वभावच असा आहे. तिच्यात शंभरातले पंचाण्णव भाग पाणी असते. मीठ लागले की पेशींतले पाणी बाहेर ओढले जाते. शाळेच्या पुस्तकात आपण याला परासरण म्हणत होतो. म्हणूनच कान्हेरीच्या वाटेवर बायका उभी चिरून तिखटमीठ भुरभुरून देतात ती काकडी हातात पडताच खावी लागते. (तिथे घाई करण्याचे दुसरे कारण म्हणजे माकडे.) माझ्या मते काकडी खाण्याची यापेक्षा चांगली रीत नाही, पण ती पाच मिनिटांची रीत आहे.

आपली खमंग काकडीही तशीच. सासूबाई अजून काकडी किसत नाहीत, चोचवतात. सोललेली काकडी डाव्या हातात उभी धरायची, सुरीने तिच्यावर भराभर उभे घाव घालायचे आणि मग वरचा थर आडवा कापून काढायचा. किसणी काकडी फाडते, सुरी ती कापते. त्यामुळे चोचवलेल्या काकडीला पाणी कमी सुटते आणि दाताखाली ती कुरकुरते. त्यात दाण्याचे कूट, ओले खोबरे, हिरवी मिरची, साखर, लिंबू आणि वर तुपात जिऱ्याची फोडणी. मीठ अगदी शेवटी, पाने घेतल्यावर. हे 'शेवटी मीठ' म्हणजेच आपल्या कोशिंबिरीचे सारे शास्त्र: पाणी सुटण्याच्या आत खाऊन मोकळे व्हायचे.

हंगेरीच्या बायकांनी नेमके उलट केले. पाणी सुटणारच आहे ना, मग ते आधीच सोडवून घ्या.

त्या देशात काकडीला 'उबोर्का' म्हणतात. अर्धा किलो कोवळी काकडी सोलून तिच्या पातळ चकत्या करायच्या. त्यावर चहाचा एक सपाट चमचा मीठ चोळून अर्धा तास ठेवायचे. मग घट्ट पिळायचे. पाऊण वाटीच्या आसपास पाणी निघते. दुसऱ्या भांड्यात एक वाटी गार पाणी, तीन मोठे चमचे व्हिनेगर, दीड-दोन लहान चमचे साखर आणि ठेचलेली लसणाची एक पाकळी असे मिश्रण करायचे. चव आधी आंबट, मागून गोड लागली पाहिजे. त्यात पिळलेल्या चकत्या सोडायच्या, हवा तर कांदा उभा पातळ चिरून, आणि तास-दोन तास फ्रीजमध्ये. पाणी गमावलेली काकडी हे आंबटगोड पाणी पिऊन घेते. वाढताना वर लाल पाप्रिका भुरभुरायची, आणि घरात असली तर आंबट सायीचा एक चमचा. भांडे काचेचे किंवा स्टीलचे घ्या. कलई उडालेल्या पितळेत आणि ॲल्युमिनियममध्ये आंबट ठेवू नये हे आपल्याकडे सांगायला नको.

यात आपल्या घराच्या सोयीने मी थोडे फेरफार केले. आंबट सायीऐवजी टांगलेल्या दह्याचा चक्का दोन चमचे दुधात फेटून घालते, पण तो घरच्या पानात, डब्यात नाही. पाप्रिका आणायला कुठे जाऊ नका. ब्याडगी मिरचीची पूड रंगाला तशीच लाल आणि तिखटाला तशीच नरम असते. ह्यांना रक्तदाब आहे, म्हणून पिळण्याआधी चकत्या एकदा गार पाण्यातून काढते. बरेचसे मीठ निघून जाते. व्हिनेगर परके वाटत असेल तर वसई, गोराई, मरोळच्या एखाद्या मैत्रिणीला विचारा. ख्रिस्ती आणि ईस्ट इंडियन स्वयंपाकात शिरका पूर्वापार चालत आला आहे. लिंबू पिळून पाहिले. पहिल्या दिवशी उत्तम, दुसऱ्या दिवशी किंचित कडवट. व्हिनेगरची काकडी मात्र दुसऱ्या दिवशी जास्त चांगली लागते, तिसऱ्या दिवशीही चालते. चौथ्या दिवशी नको. आणि चिरताना देठाकडचा तुकडा चाखून बघा. कडूपणा देठाशी आणि सालीलगत जास्त असतो. फारच कडू निघाली तर टोक घासत बसू नये, ती सरळ टाकून द्यावी.

भाचीला मी विचारले, तिकडे ही कशाबरोबर खातात? ती म्हणाली, पाप्रिका घातलेल्या चिकनच्या रश्श्याबरोबर, तळलेल्या मांसाबरोबर. जे जे जड, त्या त्या पदार्थाबरोबर. लोणची, आंबवलेला कोबी आणि ही काकडी अशा सर्व आंबट पदार्थांना मिळून त्यांच्याकडे एक वेगळे नावच आहे आणि जेवणाबरोबर ते मागवावे लागतात. म्हणजे त्यांच्याही ताटाला डावी बाजू आहे! उन्हाळ्यात ते मोठ्या काचेच्या बरणीत मिठाच्या पाण्यात काकड्या, शेपू आणि वर पावाचा तुकडा घालून बरणी खिडकीत उन्हाला ठेवतात. तीन-चार दिवसांत ती आंबते. आमच्या गॅलरीत मे महिन्यात दादरा बांधलेली कैरीची बरणी असते, तिची ही बहीणच म्हणायची.

गंमत अशी, की या पदार्थातली काकडी मूळची आपल्या बाजूची. हिमालयाच्या पायथ्याशी तिची रानटी भावंडे अजून उगवतात आणि सुमारे तीन हजार वर्षांपूर्वी ती भारतात लागवडीखाली आली असे वनस्पतिशास्त्रज्ञ मानतात. तिथून ती पश्चिमेला गेली. मिरची मात्र दोघांनाही पाहुणी. अमेरिकेतून निघून ती पोर्तुगीजांबरोबर सोळाव्या शतकात आपल्याकडे आली आणि तुर्कांच्या अमलात हंगेरीत पोचली. तिकडे तिला आधी 'तुर्की मिरी'च म्हणत. आपण मिरीवरून मिरची केले, त्यांच्या शेजाऱ्यांनी आपल्या भाषेतल्या मिरीवरून पाप्रिका केले. ओळख नसलेल्या पाहुण्याला दोन्ही घरांनी ओळखीच्याच नावाने हाक मारली.

तिकडच्या सेगेद गावात आल्बर्ट सेंट-ग्यॉर्गी नावाचे शास्त्रज्ञ होते. 'क' जीवनसत्त्व पुरेशा प्रमाणात कशातून काढावे या विवंचनेत असताना एका रात्री बायकोने त्यांच्या पानात ताजी पाप्रिका वाढली. ती खायची इच्छा नव्हती, म्हणून पळवाट काढून त्यांनी ती प्रयोगशाळेत नेली आणि मध्यरात्रीपर्यंत त्यांना कळले की आपण ज्याच्या शोधात होतो तो खजिना हाच. ही हकिगत ते स्वतःच सांगत. 1937 साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. पानात वाढलेले न खाण्याचे इतके चांगले फळ दुसऱ्या कुणाला मिळाल्याचे ऐकिवात नाही. आमच्या नातवाला ही गोष्ट मी अजून सांगितलेली नाही.

सून सकाळी पावणेआठला निघते. घाटकोपरला उतरून मेट्रोने अंधेरी, तिथून रिक्षा. तिच्या डब्यात पोळी, भाजी आणि घाई असते. मी तिला कधी कोशिंबिरीबद्दल बोलले नव्हते. बोलायला मला तोंडही नव्हते, कारण मीच अठ्ठावीस वर्षे नेली नव्हती. आता दर रविवारी आणि बुधवारी रात्री ती स्वतःच किसणी काढते. टीव्ही बघत चकत्या, मालिका संपेपर्यंत मीठ, झोपण्याआधी बरणी. कधी त्यात गाजर, कधी कोबी. ऑफिसातल्या दोघी आता आपल्या डब्यातून चमचा पुढे करतात म्हणे.

सासूबाईंचे मत मात्र बदललेले नाही. गणपतीत नैवेद्याच्या पानात खमंग काकडीच होती, चोचवलेली, आणि तिला मीठ त्यांनी पाने घेतल्यावर स्वतः लावले. "ती तुमची पिळलेली डब्याला ठीक आहे," एवढेच म्हणाल्या. पण पिळलेले पाणी मोरीत ओतलेले त्यांना पहिल्याच दिवशी सहन झाले नव्हते. त्यांच्या माहेरी कोकणात पावसाळ्यात मोठी तवशी येत. कीस धोंडसात जाई, आणि सुटलेले पाणीही वाया जात नसे.

परवा सकाळी फ्रीज उघडला तर वरच्या कप्प्यात सुनेची बरणी होती आणि तिच्या शेजारी ताटलीने झाकलेल्या वाटीत हिरवट पाणी. ओट्यावर परातीत भाजणी काढून ठेवलेली, कांदा बारीक चिरलेला. "मीठ घालू नकोस गं," सासूबाई आतून म्हणाल्या, "पाण्यात आहे."