घरघरणारा एअर पंप: तक्रारीचा संशोधन-प्रश्न कसा करायचा?

पेट किंवा नेटची तयारी करताना स्वाश्रयी चल, आश्रयी चल, नियंत्रित चल, बाह्य चल या व्याख्या आपण सगळेच पाठ करतो. परीक्षेत गुणही मिळतात. पण मुलाखतीत समोरच्यांनी "तुमचा नेमका प्रश्न काय आहे?" असं विचारलं, की गाडी अडते. कारण आपल्याकडे बहुतेक वेळा विषय असतो, प्रश्न नसतो.

म्हणून आज मुद्दाम एक घरातलं उदाहरण घेतोय. हॉलमध्ये फिश टँक आहे, त्याला हवेचा छोटा पंप जोडलाय (दुकानात ज्याला 'ऑक्सिजनची मोटर' म्हणतात तोच), आणि रात्री सगळं शांत झालं की त्याची घरघर झोपू देत नाही. यावर घरोघरी एकच उपाय चालतो: झोपताना मोटर बंद. हा उपाय माशांच्या जिवावर बेतू शकतो. तो का, ते पुढे येईलच. तोपर्यंत एवढं लक्षात ठेवा की या प्रश्नाला दोन बाजू आहेत, आणि एक बाजू बोलू शकत नाही.

पायरी १: 'आवाज' म्हणजे नक्की कोणता?

"टँकचा आवाज येतो" ही तक्रार झाली. संशोधनासाठी तिचे तुकडे करावे लागतात. ध्वनिशास्त्रात यासाठी एक साधी चौकट वापरतात: उगम, मार्ग, ग्राहक. आवाज कुठे तयार होतो, कशातून प्रवास करतो आणि कोणाच्या कानापर्यंत पोचतो.

आपल्या उदाहरणात उगम दोन आहेत. पहिला म्हणजे पंप. घरगुती पंपाच्या डबीत एक विद्युतचुंबक असतो आणि त्याच्यासमोर एका दांडीच्या टोकाला कायमचुंबक बसवलेला असतो. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून ती दांडी सेकंदाला ५० वेळा इकडून तिकडे हलते. दांडीला जोडलेला रबरी पडदा त्यामुळे आतबाहेर होतो आणि हवा ढकलतो. ही ५० हर्ट्झची गुणगुण आणि तिच्या पटीतले १००, १५० हर्ट्झचे सूर मिळून ती ओळखीची 'घूंऽऽ' तयार होते.

दुसरा उगम म्हणजे बुडबुडे. पाण्यात सुटलेला बुडबुडा अगदी थोडा वेळ आकुंचन-प्रसरण पावत घंटेसारखा वाजतो. मार्सेल मिनार्ट यांनी १९३३ साली याचं गणित मांडलं. त्यानुसार १ मिलिमीटर त्रिज्येचा बुडबुडा साधारण ३,३०० हर्ट्झला वाजतो, तर ३ मिलिमीटर त्रिज्येचा साधारण १,१०० हर्ट्झला. शिवाय वर येऊन फुटताना पाणी डचमळतं ते वेगळंच.

मार्गही दोन आहेत. एक हवेतून थेट कानापर्यंत. दुसरा फर्निचरमधून: पंप ज्या कपाटावर ठेवलाय ते कपाट, त्याची प्लायची पाठ, मागची भिंत. पंपाची डबी लहान असते, तिला एकटीला एवढ्या खालच्या सुराचा मोठा आवाज काढता येत नाही. पण कपाटाची मोठी फळी थरथरायला लागली की ती तबल्याच्या पुडीसारखं काम करते.

पायरी २: उपायाआधी निदान

बाजारात जाऊन 'सायलेंट' पंप आणण्याआधी दहा मिनिटं या तीन चाचण्यांना द्या. प्रत्येक वेळी एकच गोष्ट बदला.

१. पंप चालू असताना तो कपाटावरून उचलून हातात धरा. आवाज एकदम कमी झाला, तर दोष मार्गाचा आहे, कपाट वाजतंय.

२. पंप परत जागेवर ठेवा आणि नळी पंपापासून काढा. बुडबुडे थांबले, पंपावरचा दाबही गेला. पंपाची घरघर लक्षात येण्याइतकी उतरली, तर पुढे कुठेतरी अडथळा आहे. बहुधा एअर स्टोन चोंदलाय. (नळी काढल्यावर टाकीतलं पाणी नळीतून उलटं येऊ शकतं. ते टोक पाण्याच्या पातळीच्या वर धरा.)

३. हातात धरून, नळी काढूनही खडखड येत असेल, तर दोष पंपाच्या आत आहे: पडदा फाटलाय, झडप निखळलीय किंवा दांडी तिरकी बसलीय. मग बाहेरून कितीही फोम लावा, उपयोग नाही.

पायरी ३: मोजायचं कसं?

मोबाइलवर डेसिबलचं ॲप टाकलं की मोजमाप झालं, असं वाटतं. इथे तीन सापळे आहेत.

पहिला सापळा डेसिबलच्या बेरजेचा. डेसिबल ही लॉगमधली मोजपट्टी आहे. ४० आणि ४० डेसिबलचे दोन स्वतंत्र आवाज मिळून ८० होत नाहीत, ४३ होतात. समजा, पंप ४४ डेसिबल आणि बुडबुडे ३४. दोन्ही मिळून सुमारे ४४.४. तुम्ही मेहनत करून बुडबुड्यांचा आवाज शून्य केलात, तरी आकडा ४४ वरच थांबेल, अर्धा डेसिबलही उतरणार नाही. म्हणून आधी सर्वांत मोठा उगम पकडायचा. पायरी २ वगळून चालत नाही ते यासाठी.

दुसरा सापळा पार्श्वभूमीचा. पंप बंद असताना खोलीत ३५ डेसिबल आणि चालू केल्यावर ३८ दिसत असतील, तर पंपाचा वाटा ३८ नाही, ३५ आहे. फरक १० डेसिबलच्या वर असेल तेव्हा पार्श्वभूमी सोडून दिली तरी चालते. पंखा, फ्रिज, रस्ता यांची नोंद म्हणूनच ठेवायची.

तिसरा सापळा सर्वांत फसवा. बहुतेक ॲप 'ए' भारांकनाने आकडा देतात, म्हणजे माणसाच्या कानासारखं खालच्या सुरांना कमी मोजतात. ५० हर्ट्झला ही कपात सुमारे ३० डेसिबल असते, १०० हर्ट्झला सुमारे १९. वर फोनचा माइक मुळात बोलण्यासाठी बनवलेला. त्यामुळे तुम्हाला छळणारी घूंऽऽ आकड्यात जवळजवळ दिसणारच नाही. वारंवारतेनुसार आलेख दाखवणारं ॲप घ्या आणि फोनचा आकडा 'खरा' न मानता फक्त दोन स्थितींमधला फरक वाचा.

जागाही ठरवून घ्या. ५० हर्ट्झच्या ध्वनीची तरंगलांबी जवळपास ७ मीटर असते, १०० हर्ट्झची साडेतीन. घरातल्या खोलीत असे सूर भिंतींवरून परतून काही ठिकाणी वाढतात, काही ठिकाणी मरतात. म्हणून फोन दरवेळी उशीच्या जागीच ठेवा. तुमचा प्रश्न तिथल्या आवाजाचा आहे.

आता क्रम. आधी नऊ वाजता 'फोमशिवाय' आणि मग अकरा वाजता 'फोमसह' मोजलं, तर आवाज कमी झालेला दिसेलच, कारण अकरा वाजता गल्लीच शांत झालेली असते. हाच तो बाह्य चल, जो आपण पुस्तकात पाठ करतो. उपाय सोपा आहे: फोमशिवाय, फोमसह, पुन्हा फोमशिवाय, पुन्हा फोमसह, असं लागोपाठ आलटून पालटून मोजा. आणि घरातल्या कोणाला तरी, फोम आहे की नाही हे न सांगता, दहापैकी किती त्रास होतो ते विचारा. स्वतःला विचारू नका. ज्याने फोम लावलाय त्याला आवाज कमीच वाटतो.

पायरी ४: उपाय आणि त्यामागचं कारण

*पंपाखाली मऊ थर.* इथे 'मऊ' म्हणजे किती? पंप ठेवल्यावर थर जितका दबतो, त्यावर त्या जोडीची स्वतःची वारंवारता ठरते. साध्या स्प्रिंगच्या गणिताने, थर १ मिलिमीटर दबला तर ही वारंवारता सुमारे १६ हर्ट्झ येते आणि ५० हर्ट्झच्या हादऱ्यांपैकी जेमतेम नववा हिस्सा खाली पोचतो. पण कडक रबर घेतलं आणि ते ०.१ मिलिमीटरच दबलं, तर वारंवारता येते बरोबर ५० हर्ट्झ! म्हणजे अनुनाद, आवाज उलट वाढेल. खऱ्या फोमचं वागणं इतकं आदर्श नसतं, पण दिशा हीच. "रबर लावून पाहिलं, काही होत नाही" असं म्हणणाऱ्यांचं रबर बहुधा कडक असतं.

*पंप दोरीने टांगणं.* तत्त्व तेच, कपाटाशी संबंध तोडायचा. मात्र डबी भिंतीला टेकता कामा नये. नळीही ताठ ताणून काचेला किंवा झाकणाला लावू नका, नाहीतर हादरे त्या वाटेने जातात.

*एअर स्टोन.* उघड्या नळीतून मोठे बुडबुडे गुडगुडत येतात, स्टोन लावला की लहान होतात आणि गुडगुड जाते. पण फार बारीक छिद्रांच्या किंवा शेवाळाने चोंदलेल्या स्टोनमुळे पंपावर दाब वाढतो आणि तो जास्त घरघरतो. आधी स्टोन घासून धुवा किंवा बदला.

*हवा जास्त असेल तर* नळी चिमटून बंद करू नका, त्यानेही दाबच वाढतो. टी-जोड लावून जादा हवा बाहेर सोडा.

*पंप बंद डब्यात किंवा कपड्यात गुंडाळणं* टाळा. त्याला हवा आत घ्यायची असते आणि तो तापतो.

पायरी ५: जी मर्यादा ओलांडायची नाही

आता त्या न बोलणाऱ्या बाजूकडे येऊ. पाण्यात ऑक्सिजन फार थोडा मावतो: गोड्या पाण्यात २५ अंश सेल्सिअसला लिटरमागे जास्तीत जास्त सुमारे ८.३ मिलिग्रॅम, ३० अंशांना सुमारे ७.६. म्हणजे उन्हाळ्यात मुळातच कमी. रात्री उजेड नसल्यामुळे टाकीतल्या वनस्पती ऑक्सिजन देत नाहीत, उलट घेतात. मासे घेतात, फिल्टरमधले जिवाणूही घेतात. म्हणजे ज्या वेळी आपण मोटर बंद करतो, नेमकी तीच वेळ सर्वांत नाजूक. दाटीने मासे ठेवलेल्या टाकीत पहाटे मासे पृष्ठभागावर येऊन तोंड उघडझाप करताना दिसतात, ते भुकेने नव्हे.

दिलासा एवढाच की ऑक्सिजन मुख्यतः पृष्ठभागावरून विरघळतो. बुडबुड्यांचं मोठं काम म्हणजे खालचं पाणी वर आणणं आणि पृष्ठभाग हलता ठेवणं. फिल्टरचं तोंड पृष्ठभागाजवळ आणून पाणी नीट हलत असेल, तर पंपाची हवा थोडी कमी करता येते. ती कमी करायची तर दिवसा, आपण समोर असताना आणि माशांकडे लक्ष ठेवून.

दोन गोष्टी सुरक्षेच्या. पंप पाण्याच्या पातळीखाली ठेवला असेल तर नळीत उलटी झडप हवीच. नाहीतर वीज गेली की पाणी नळीतून पंपात येतं. आणि वायरला सॉकेटच्या खाली झोळ द्या, म्हणजे ओघळणारं पाणी सॉकेटपर्यंत जाणार नाही.

आता प्रश्न लिहून पाहा

सुरुवातीची तक्रार होती: "टँकचा आवाज येतो." आता ती अशी लिहिता येते: "पंपाखालील थर किती दबतो याचा, उशीच्या जागी मोजलेल्या ५० ते १५० हर्ट्झच्या आवाजावर काय परिणाम होतो, हवेचा प्रवाह तोच ठेवला असता?" स्वाश्रयी चल सापडला, आश्रयी चल सापडला, नियंत्रित चल सापडला, आणि मोजायचं कुठे हेही ठरलं. 'हवेचा प्रवाह तोच' हे शेवटचे शब्द माशांसाठी आहेत. ते गाळले, तर सर्वांत 'यशस्वी' उपाय मोटर बंद करणं हाच ठरेल. आकडे उत्तम येतील आणि संशोधन चुकीचं असेल.

तुमच्या आराखड्यातही असं काहीतरी असतं: ज्याचा आकडा तुम्ही मोजत नाही, पण ज्याची किंमत दुसरा कोणी मोजतो. रुग्ण, विद्यार्थी, शेतकरी, प्राणी. सिनॉप्सिस लिहिताना उद्दिष्टांच्या खाली एक ओळ मोकळी सोडा आणि तिथे लिहा: "हे साधताना काय बिघडू द्यायचं नाही?" उत्तर एका वाक्यात आलं, तर मुलाखतीतल्या त्या पहिल्या प्रश्नाची निम्मी तयारी झाली समजा.