एकदा अंगठा दिला म्हणजे झालं का?

 

आजचा विषय आम्हाला एका बैठकीतच सापडला. दर्यापूर तालुक्यात, आपल्या खारपाणपट्ट्यातल्या एका गावात आम्ही गेलो होतो. बोलणं चाललं होतं पिण्याच्या पाण्यावर आणि किडनीच्या आजारावर. तेवढ्यात मागं बसलेल्या एक आजी म्हणाल्या, "दोन सालापासून ते लोकं येतेत व बाई. रगत नेतेत, लघवी नेतेत, हिरीचं पानी नेतेत. पयल्यांदा माहा अंगठा घेतला. पन माह्या रगतात काय निघालं, हे मले अजून कोनी सांगतलं नाई."

बाया हसल्या, आणि मग गप्प झाल्या. तिथं बसलेल्या अकरा जणींपैकी एकीजवळही स्वतःचा रिपोर्ट नव्हता. अंगठा दिलेल्या कागदाची प्रतही नव्हती. कोण माणसं येतात, किती वर्षं येणार, कशासाठी येतात, हे कोणालाच नीट सांगता येईना. "आशाताई संगं असते, म्हनून देतो," एवढंच त्या म्हणाल्या.

त्या दिवशी आम्ही ठरवलं की यावर बोलायचं. माणसांवर वर्षानुवर्षं चालणारे अभ्यास कसे असतात, त्यात आपला हक्क काय, आणि पेच कुठं पडतो, ते आज पाहू.

पहिली गोष्ट, असे अभ्यास लागतातच. काही दुखणी एका दिवसात कळत नाहीत. आईच्या पोटात बाळ असताना तिनं काय खाल्लं, याचा परिणाम त्या बाळाच्या पंचविसाव्या वर्षी दिसतो. तो पाहायचा तर कोणीतरी पंचवीस वर्षं त्या घरी जात राहायला हवं.

असा एक अभ्यास आपल्या विदर्भातलाच आहे. गडचिरोलीत डॉ. अभय बंग आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' संस्थेनं १९९३ पासून या अभ्यासासाठी नवजात बाळांच्या मृत्यूंची नोंद ठेवली. मग ३९ गावांत गावातल्याच बायांना शिकवून घरच्या घरी बाळांची देखभाल सुरू केली. शेजारची ४७ गावं तुलनेसाठी ठेवली. सुरुवातीला त्या ३९ गावांत हजारी ६२ बाळं पहिल्या महिन्यातच जात होती. तीन वर्षांत हा आकडा २५ च्या आसपास आला. पुढं २०११ पासून ही पद्धत देशभर आशाताईंच्या कामात आली. बाळंतीण दवाखान्यातून घरी आली की आशाताई तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी येते ना? त्या भेटीमागं गडचिरोलीच्या आयाबहिणींनी वर्षानुवर्षं दिलेली माहिती आहे.

म्हणून अभ्यासाला दार लावून घ्या, असं आम्ही म्हणत नाही. पण दार उघडताना काय विचारायचं, ते ठाऊक असावं.

आता पेच पाहू. पहिला पेच संमतीचा. एक दिवस रक्त द्यायचं असेल तर एक दिवसाची संमती पुरते. अभ्यास दहा वर्षं चालला तर त्या दहा वर्षांत सगळं बदलतं. पहिल्या वर्षी फक्त वजन-उंची असते, तिसऱ्या वर्षी रक्त मागतात, पाचव्या वर्षी सोनोग्राफीला या म्हणतात. रक्त साठवून ठेवतात आणि पुढं त्यावर दुसरीच तपासणी करायची ठरते. पहिल्या दिवशीचा अंगठा या सगळ्याला कसा पुरेल? नवं काही मागायचं, नवं काही कळलं, तर पुन्हा विचारायला हवं. संमती बचत गटाच्या हप्त्यासारखी असते. पहिला भरला म्हणून पुढचे आपोआप भरले असं होत नाही.

पुण्याच्या केईएम रुग्णालयाच्या डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांच्या चमूनं १९९३ मध्ये पुण्याजवळच्या सहा गावांत असाच लांब पल्ल्याचा अभ्यास सुरू केला. बाई गरोदर राहण्याआधीपासून तिच्या घरी दर महिन्याला जाऊन पाळीची तारीख लिहून घ्यायची, मग गरोदरपणात तिचं खाणं, वजन, रक्त पाहायचं. जी बाळं जन्मली त्यांना सहाव्या, बाराव्या, अठराव्या वर्षी पुन्हा तपासायचं. त्यातून कळलं, की इंग्लंडच्या साउदॅम्प्टन गावच्या बाळाचं वजन साडेतीन किलोच्या आसपास, तर या गावांतल्या बाळाचं २.७ किलो. आपलं बाळ दिसायला रोड, पण अंगात चरबी मात्र कमी नाही. पुढं मधुमेहाचा धोका इथूनच सुरू होतो. बऱ्याच आयांच्या अंगात बी-१२ जीवनसत्त्व कमी होतं, हेही कळलं.

या अभ्यासाकडून दोन गोष्टी शिकण्यासारख्या आहेत. एक, जे कळलं ते त्याच घरांकडे परत गेलं. त्याच मुलामुलींना मोठेपणी बी-१२ देऊन पुढच्या पिढीला फायदा होतो का, हे पाहणारं काम २०१२ मध्ये सुरू झालं. दुसरी गोष्ट म्हणजे एक प्रश्न. १९९४ साली आईनं होकार दिला तेव्हा बाळ पोटात होतं. ते अठराचं झाल्यावर होकार कोणाचा? आईचा आता चालत नाही. सज्ञान झालेल्या मुलाला, मुलीला नव्यानं विचारावं लागतं, आणि 'नाही' म्हणायचा हक्क तिचाही असतो. त्याआधी सात वर्षांवरच्या लेकरालाही त्याच्या समजेप्रमाणं सांगून त्याची मर्जी विचारायची असते. आई-बापाची सही झाली म्हणून रडणाऱ्या पोराचा हात धरून रक्त काढायचं नसतं.

मुलींचं आणखी वेगळं. लग्न झालं की मुलगी दुसऱ्या गावी जाते. अभ्यासाची माणसं तिला शोधत सासरी आली आणि अंगणात उभी राहून पाळी, गर्भपात, जुनं दुखणं असं काही विचारू लागली, तर तिच्यावर काय बितेल? तिची माहिती तिचीच आहे. कुठं भेटायचं, कोणासमोर बोलायचं, हे तिनं ठरवायचं.

दुसरा पेच तुलनेच्या गटाचा. हा समजायला जरा अवघड आहे, पण मनावर सगळ्यात जास्त ओझं टाकणारा आहे.

धाराशिव जिल्ह्यात, तेव्हाच्या उस्मानाबादेत, १९९९ पासून गर्भाशयाच्या मुखाच्या कॅन्सरवर एक मोठा अभ्यास झाला. मुंबईचं टाटा मेमोरियल, बार्शीचं नर्गिस दत्त कॅन्सर रुग्णालय आणि फ्रान्समधली आंतरराष्ट्रीय कॅन्सर संशोधन संस्था यांनी तो मिळून केला. ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ बाया त्यात होत्या. गावांचे ५२ समूह करून चिठ्ठ्या टाकाव्यात तसे चार गट पाडले. एका गटाला एचपीव्ही विषाणूची तपासणी, दुसऱ्याला पॅप तपासणी, तिसऱ्याला व्हिनेगर लावून डोळ्यांनी पाहण्याची तपासणी. चौथ्या गटाची तपासणी अभ्यासानं केली नाही. दवाखान्यात तपासणी कुठं मिळते एवढी माहिती त्यांना दिली आणि नेहमीच्या व्यवस्थेवर सोडलं.

आठ वर्षांनी हिशेब मांडला. एचपीव्ही तपासणीच्या गटात या कॅन्सरनं ३४ बाया गेल्या. चौथ्या गटात ६४ गेल्या. दोन्ही गट साधारण सारखेच मोठे होते. एकदाच केलेल्या तपासणीनं मृत्यू जवळजवळ निम्म्यावर येतात, हे त्यातून सिद्ध झालं. आज जागतिक आरोग्य संघटना हीच तपासणी आधी करा म्हणते, त्यामागं या बायांचा मोठा वाटा आहे.

पण त्या ६४ जणींचं काय? यावर जाणकारांत मोठा वाद झाला. अभ्यास करणाऱ्यांच्या बाजूनं सांगितलं गेलं, की त्या वेळी देशात अशी सरसकट तपासणी कुठंच नव्हती, म्हणून चौथ्या गटाकडून काही काढून घेतलेलं नाही. दुसरी बाजू म्हणाली, तपासणीनं जीव वाचतो हे जगाला आधीच ठाऊक होतं, मग हजारो बायांना तपासणीवाचून वर्षानुवर्षं मोजत का राहायचं?

दोन्ही बाजूंच्या बोलण्यात वजन आहे. न्याय करायला आम्ही बसलेलो नाही. आमचं म्हणणं इतकंच, की चौथ्या गटातल्या बाईला तीन गोष्टी स्वच्छ कळल्या पाहिजेत. मी चौथ्या गटात आहे. बाकीच्यांना जे मिळतंय ते मला इथं मिळणार नाही. आणि ते हवं असेल तर मी कुठं जायचं, पैसे किती लागतील, अभ्यास संपल्यावर मला ते देणार का? हे कळल्यावर जी 'हो' म्हणते तिचा होकार खरा. नुसतं "माहिती घ्यायला आलो" ऐकून दिलेला होकार अर्धाच.

तिसरा पेच मधेच काही निघाल्याचा. यातली सगळ्यात वाईट गोष्ट अमेरिकेत घडली. अलाबामा राज्यातल्या टस्कीगी इथं सरकारी आरोग्य खात्यानं १९३२ मध्ये सुमारे ६०० काळ्या माणसांवर अभ्यास सुरू केला. त्यातल्या ३९९ जणांना सिफिलिस म्हणजे गरमीचा रोग होता. त्यांना रोगाचं नाव सांगितलं नाही, "तुमचं रक्त खराब आहे" एवढंच सांगितलं. फुकट जेवण आणि मेल्यावर अंत्यविधीचा खर्च देऊ केला. चाळीसच्या दशकात पेनिसिलिनचा गुण सिद्ध झाला, तरी ते औषध त्यांना दिलं नाही, कारण रोग शेवटपर्यंत कसा वाढतो ते पाहायचं होतं. १९७२ मध्ये हे वर्तमानपत्रात आलं तेव्हा कुठं अभ्यास थांबला. १९९७ मध्ये त्यांच्या राष्ट्राध्यक्षांनी माफी मागितली. त्या प्रकरणानंतर जगभर नियम कडक झाले.

आपल्याकडंही नियम आहेत. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेची २०१७ ची मार्गदर्शक तत्त्वं आहेत, नव्या औषधांच्या चाचण्यांसाठी २०१९ चे नियम आहेत. प्रत्येक अभ्यासाला आधी एथिक्स कमिटीची परवानगी लागते. या कमिटीत निदान सात माणसं असतात. त्यात डॉक्टरांसोबत कायदा जाणणारा आणि तुमच्या-आमच्यासारखा एक सामान्य माणूसही असावा लागतो. कमिटीचा अध्यक्ष त्या संस्थेबाहेरचा असतो. वाचता न येणाऱ्या बाईला सगळं वाचून, समजावून सांगायचं, आणि त्या वेळी अभ्यासाशी संबंध नसलेला एक साक्षीदार हजर ठेवायचा, असा नियम आहे. सरपंचानं परवानगी दिली, सासूनं हो म्हटलं, म्हणून तुमची संमती झाली असं होत नाही.

मग दारात अभ्यासाची माणसं आली तर काय विचारायचं? गटाच्या वहीत एक पान यासाठी ठेवा आणि लिहून घ्या.

एक, तुम्ही कोण, कोणत्या संस्थेचे, आणि हा अभ्यास किती वर्षं चालणार?

दोन, एथिक्स कमिटीची परवानगी आहे का, आणि तक्रार करायची तर फोन कोणाला करायचा? हा नंबर माहितीपत्रकावर असावा लागतो.

तीन, माझ्याकडून काय घेणार, किती वेळा घेणार, आणि माझं रक्त साठवणार का?

चार, माझा रिपोर्ट मला कधी मिळेल, आणि त्यात काही वावगं निघालं तर मला कोण, किती दिवसांत सांगेल?

पाच, मी कोणत्या गटात आहे, आणि अभ्यासात ज्याचा फायदा दिसेल ते मला नंतर मिळणार का?

सहा, अभ्यासामुळं मला काही अपाय झाला तर उपचार आणि भरपाई कोण देणार? मजुरी बुडाली, गाडीभाडं लागलं, ते कोण देणार?

सात, मला मधेच सोडायचं असेल तर? याचं उत्तर नेहमी एकच असायला हवं: कधीही सोडा, कारण सांगू नका, तुमच्या दवाखान्यातल्या उपचाराला काही धक्का लागणार नाही.

आणि शेवटी, सही केलेल्या कागदाची प्रत मागून घ्या. ती तुमचीच आहे. शिधापत्रिकेसोबत जपून ठेवा.

आशाताईंनो, अंगणवाडी ताईंनो, तुम्हालाही एक सांगणं. गावातली बाई कागदाकडे पाहून हो म्हणत नाही, तुमच्याकडे पाहून म्हणते. "ताई म्हनते त द्या लागते," असं तिला वाटतं. म्हणून आधी तुम्ही विचारून घ्या, आणि तिला मोकळेपणानं सांगा, "नाई म्हटलं तरी चालते व बाई, मी रागावणार नाई."

आता त्या आजींचं काय झालं ते सांगतो. पुढच्या खेपेला ती माणसं आली तेव्हा गटाच्या अध्यक्षांनी हीच वही पुढं केली. आलेली पोरं बिचारी चांगली होती, त्यांनाही हे कोणी विचारलं नव्हतं. आठ दिवसांत रिपोर्ट आले. आजींच्या कागदावर दोन्ही वर्षांचं ब्लड प्रेशर लिहिलेलं होतं, आणि दोन्ही वेळा ते फार जास्त होतं. दोन वर्षं ते आकडे वहीत होते. आजींना मात्र पत्ता नव्हता.

आता त्यांना प्राथमिक आरोग्य केंद्रातून गोळी सुरू आहे. अभ्यास त्यांनी सोडला नाही. आम्ही विचारलं, "काहून नाही सोडला आजी?" तर म्हणाल्या, "माह्या नातीले कामी पडन ना. पन आता मी आंधी विचारतो, मंग हात पुढं करतो."

मैत्रिणींनो, येत्या बैठकीत हा लेख मोठ्यानं वाचा. तुमच्या गावात असा अभ्यास चालू असेल तर किती जणींजवळ कागद आहे, तेवढं मोजा आणि आम्हाला कळवा. पुन्हा भेटू. नमस्कार.