एकच निळं फुलपाखरू, की दहा?

टेक्सासपासून उत्तर अर्जेंटिनापर्यंत 'अ‍ॅस्ट्राप्टेस फल्जरेटर' (हल्ली 'टेलेगोनस फल्जरेटर') हे एकच स्किपर फुलपाखरू उडतं, असं जुनी पुस्तकं सांगतात. नाव १७७५ सालचं. काळपट तपकिरी पंख, पुढच्या पंखांवर तिरका पांढरा पट्टा, अंगावर आणि पंखांच्या मुळाशी झगझगीत निळाई. ओळखायला सोपं वाटतं ना? माझ्या मते हा सोपेपणाच फसवा आहे. कोस्टा रिकातल्या ग्वानाकास्टेमध्ये १९७८पासून जीवशास्त्रज्ञ डॅनियल जॅन्झन आणि सहकाऱ्यांनी याच्या अडीच हजारांहून जास्त अळ्या वाढवल्या. अळ्यांचे रंग वेगळे, खाण्याची झाडंही वेगळी. पिवळ्या कड्यांची एक अळी सेन्नावर, म्हणजे आपल्या टाकळ्याच्या प्रजातीतल्या झाडांवर वाढते. फुलपाखरं मात्र जवळपास सारखीच! २००४ साली डीएनए बारकोडही (म्हणजे एका जनुकाचा ठरावीक तुकडा) जुळवले, तेव्हा निष्कर्ष निघाला की तिथेच दहा जाती आहेत.

यावर आक्षेप आला आणि तो पोकळ नव्हता. एका जनुकाच्या तुकड्यावरून जाती ठरवायच्या का? २००६ साली कीटकशास्त्रज्ञ अँड्र्यू ब्राउअर यांनी तीच माहिती पुन्हा तपासली. त्यांच्या मते किमान तीन, फार तर सात गट टिकतात. मान्य, आकडा घटला. पण 'एकच' हे उत्तर तिथेही उरलं नाही. म्हणून टेक्सास ते अर्जेंटिना हा नकाशावरचा सलग पट्टा मला एका जातीचा वाटत नाही. तेव्हा स्किपरचा फोटो टाकताना अळी आणि तिचं झाडही टिपा.